वाणीची सेवा
(ज्युबिलीनिमित्त युवक-मेळाव्यात केलेले भाषण)



खासबागेत कुस्ती चालू असता दूर बसलेल्यास डाव उमगतो तो पुष्कळदा निवेदकाच्या वाणीने, हे कोल्हापूरकरांस सांगावयास नको. दूरचित्रवाणीवरील अशाच एका वाणीविषयी आज चार शब्द बोलण्याचे आम्ही योजिले आहे.

श्री. हर्षा भोगले यांचा जन्म १९६१ साली हैदराबादेत, प्राध्यापकांच्या मराठी घरात झाला. क्रिकेट ते विद्यापीठाच्या संघापर्यंत खेळले. रणजी सामन्याचा योग काही आला नाही. परंतु एकोणिसाव्या वर्षीच ते आकाशवाणीवर समालोचन करू लागले, आणि १९९१-९२ साली ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय नभोवाणीने त्यांस पाचारण केले. हा मान मिळविणारे ते पहिलेच भारतीय समालोचक होत. पुढे १९९५ पासून ते दूरचित्रवाणीवर घरोघरी पोहोचले.

नभोवाणीवर अखंड बोलावे लागते. दूरचित्रवाणीवर चित्र समोर असल्याने केव्हा गप्प बसावे हेही कळावे लागते. आमच्या मते हेच अधिक कठीण. त्यातून, जो स्वतः कसोटी खेळला नाही त्याने नामांकितांविषयी काय बोलावे, हा आक्षेप आहेच! २०१६ साली आयपीएलच्या समालोचकांतून त्यांस वगळण्यात आले. कारण आपणांस कळविले नाही, एवढेच त्यांनी जाहीरपणे म्हटले. काही काळाने ते परतले.

देवळात शास्त्रवाचन करणाऱ्या आमच्या तरुणांपुढे हे उदाहरण आम्ही मुद्दाम ठेवीत आहोत. येत्या शनिवारी रात्री आपला उतारा घरी दोनदा मोठ्याने वाचून पाहावा. घंटा झाल्यावर पान शोधणारे वाचक आम्ही पाहिले आहेत.