सूड आणि न्याय

दूरचित्रवाणीच्या मालिकांतून सूड आणि विश्वासघात यांचें वर्चस्व किती वाढलें आहे, हें सांगावयास नको. दगा झाला कीं त्याचा सूड, आणि त्या सुडाचा पुन्हां सूड, अशी सांखळी शेंकडों भागांपर्यंत लांबविली जाते. अशा वेळीं १९८० नंतरच्या दशकांत दूरदर्शनवर दाखविल्या गेलेल्या 'स्वामी' या मालिकेचें स्मरण उद्बोधक ठरेल. रणजित देसाई यांच्या १९६२ सालच्या कादंबरीवर ती आधारलेली होती.

कथानायक माधवराव पेशवे. १७६१ सालीं, वयाच्या सोळाव्या वर्षीं, त्यांच्यावर राज्याचा भार पडला. चुलते रघुनाथराव यांनीं पुढच्याच वर्षीं निजामाचें साहाय्य घेऊन आळेगांवीं पुतण्याचा पराभव केला. घरच्याच माणसानें शत्रूशीं संधान बांधावें, याहून मोठा दगा कोणता? तरीहि १७६३ मध्यें राक्षसभुवनीं माधवराव त्याच चुलत्यांसह निजामाशीं लढले. १७६८ सालीं रघुनाथराव पुन्हां उलटले. धोडपला त्यांना पकडून शनिवारवाड्यांत नजरकैदेंत ठेविलें. पण जिवास धक्का लाविला नाहीं. त्यांचे पाठीराखे नागपूरकर जानोजी भोसले यांच्यावर मात्र १७६९ सालीं स्वारी झाली. आजचा यवतमाळ जिल्हा ज्यांत मोडतो त्या वऱ्हाडास तिची झळ पोंचली. घरांतील कलहाची किंमत दूरच्या रयतेस मोजावी लागते, ती अशी.

१८ नोव्हेंबर १७७२ रोजीं थेऊर येथें माधवरावांचा अंत झाला. कादंबरी तेथें संपते. इतिहास पुढें जातो. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं गारद्यांनीं नारायणरावांचा खून केला. सुडाचा कैवारी म्हणेल कीं, चुलत्यास आधींच संपविलें असतें तर हा अनर्थ टळता. परंतु पुतण्यानेंच चुलत्याचें रक्त सांडण्याचा पायंडा पाडला असता, तर पुढें चुलत्यास दोष कोणत्या तोंडानें दिला असता? रामशास्त्री प्रभुणे यांनीं रघुनाथरावांस दोषी ठरविलें तें सुडापोटीं नव्हे, चौकशीअंतीं. बारभाईंनींहि स्वतः गादी बळकावली नाहीं. १७७४ सालीं जन्मलेल्या नारायणरावांच्या पुत्रास पेशवेपद मिळवून दिलें.

सूड घेणारा एकटाच फिर्यादी, न्यायाधीश आणि मारेकरी होतो. न्यायांत या तीन भूमिका वेगळ्या राहातात. मालिकेंत हा भेद पुसला गेला कीं, ती पाहाणाऱ्या मुलांच्या मनांतूनहि तो हळूहळू पुसला जातो. म्हणून रात्रीं संच बंद केल्यावर घराघरांत एवढा एकच प्रश्न विचारला जावा: आज ज्याला शिक्षा झाली, त्याचें म्हणणें कोणी ऐकून घेतलें होतें काय?