अंगणातला सुतार



मागच्या दिवाळीत पुण्याहून आलेल्या माझ्या नातीने लश्करच्या आमच्या जुन्या वाड्यातल्या अंगणात एक पक्षी दाखवला. "आजोबा, हा कोण?" मातकट केशरी अंग, पंखांवर काळेपांढरे पट्टे, डोक्यावर पंख्यासारखा उघडणारा तुरा. मी जराही न अडखळता म्हणालो, "सुतारपक्षी." शेजारच्या मिश्राजींनीही गच्चीवरून "कठफोड़वा है" म्हणून दुजोरा दिला. दोन दिवसांनी नातीने पुस्तकातले चित्र माझ्यापुढे धरले. "आजोबा, हा सुतार नाही, हुप्प्या आहे."

साठ वर्षे मी चुकत होतो. आपल्यापैकीही पुष्कळ जण चुकत असतील, म्हणून आजचा हा विषय.

हुप्प्याची चोच पाहा. लांब, बारीक, वाकलेली. तिने लाकूड फोडायचे म्हणजे दाभणाने पाटा टाकवण्यासारखे आहे. तो हिरवळीवर चालत चालत मातीत चोच खुपसून किडे काढतो. आपण तुरा पाहतो आणि फसतो, कारण सुतारालाही तुरा असतो. म्हणून रंग आणि तुरा शेवटी पाहावा. आधी पक्षी करतो काय ते पाहावे.

सुतार खोडाला उभा चिकटतो. त्याची दोन बोटे पुढे आणि दोन मागे वळलेली असतात. शेपटीची पिसे इतकी ताठ की ती खोडाला टेकवून तो तिसऱ्या पायासारखा आधार घेतो. खालून वर सरकत जातो, मग उडून दुसऱ्या खोडाच्या बुंध्याशी उतरतो. उडणे सरळ नाही, बुडक्या मारल्यासारखे लाटांतून जाणे. एवढे जमले की दुरून, पाठमोरासुद्धा ओळखता येतो.

आपल्या ग्वाल्हेरकडे दोन सुतार ओळखता आले तरी पुष्कळ झाले. पहिला सोनपाठी. साळुंकीहून थोडा मोठा, पाठ सोनेरी पिवळी, पाठीचा खालचा भाग काळा, गळा काळा आणि त्यावर पांढरे ठिपके. नराचे कपाळ व तुरा दोन्ही लाल, मादीचा तुरा तेवढा लाल आणि कपाळ काळे, पांढऱ्या ठिपक्यांचे. उडताना मोठ्याने खिदळल्यासारखा ओरडतो. कडुनिंबावर, आंब्यावर, शहरातल्या बागांतूनही दिसतो.

दुसरा शहराबाहेर, बाभळीच्या विरळ झाडीत शोधावा. बुलबुलापेक्षा किंचित लहान, पाठीवर काळेपांढरे ठिपके, कपाळ पिवळे, पोटावर लाल डाग. नराच्या डोक्यामागे लाल पट्टी, मादीला ती नाही. याचे नाव सांगताना मला जरा थांबावेसे वाटते. त्याला मराठा सुतार म्हणतात. जॉन लॅथम या इंग्रज पक्षितज्ज्ञाने 1801 मध्ये त्याला शास्त्रीय नाव दिले, त्यात 'मराठ्यांच्या मुलखातला' असाच अर्थ आहे. पुढे काही वर्षांनी दौलतराव शिंद्यांची छावणी किल्ल्याच्या पायथ्याशी पडली आणि तिचेच आपले लश्कर झाले. म्हणजे हे बिरुद त्या पक्ष्याकडे आपल्या शहराच्याही आधीपासून आहे! आणि आपल्यातल्या किती जणांनी त्याला पाहिले आहे?

आणखी एक घोटाळा कानाचा. उन्हाळ्यात दुपारी टुक्, टुक्, टुक् असे संथ, मोजून मारल्यासारखे ठोके ऐकू येतात. घरी त्यालाही आपण सुतारच म्हणतो. तो तांबट. हिरवा, कपाळ लाल, गळा पिवळा, शेंड्यावर बसून चोच न उघडता तो आवाज गळ्यातून काढतो. वड-पिंपळाची फळे खातो. सुताराचे ठोके लाकडावर, भराभर एका दमात पडतात आणि थांबतात. तांब्याची भांडी ठोकणारी आळी ज्याने ऐकली आहे, त्याला तांबट हे नाव समजावून सांगावे लागत नाही. शिंपी, परीट, कोतवाल, ही नावेही अशीच, कामावरून किंवा वागण्यावरून पडलेली.

हिंदी नावे कमी प्रतीची आहेत असे मात्र मी म्हणणार नाही. दसऱ्याला आपण सगळेच नीलकंठाचे दर्शन घेतो, मीही घेतो. पण त्याचा कंठ तपकिरी आहे, निळे आहेत ते पंख. त्याला नीलपंख म्हणणाऱ्या मराठीने तेवढे नीट पाहिले. दर्शनाला नीलकंठ, ओळखायला नीलपंख, अशी मी आपली तडजोड केली आहे.

आता घरातला तंटा. आमच्या अंगणातल्या कडुनिंबाची एक जाड फांदी वाळली आहे आणि धाकटे बंधू ती कापायला निघाले आहेत. त्यांचेही खरे आहे, फांदी पत्र्यावर येते. पण सोनपाठीने तिच्यातच भोक कोरले आहे. सुतार जुने घर सहसा पुन्हा वापरत नाही, आणि मग त्या ढोलीत साळुंकी, पोपट, पिंगळा असे भाडेकरू येतात. यांतल्या बहुतेकांना स्वतःला लाकूड कोरता येत नाही. आंगन साफ दिसावे म्हणून आपण वाळके तेवढे तोडत गेलो, तर सुताराबरोबर हे सगळेच बेघर होतात. सध्या ठरले आहे ते असे, की पत्र्यावरचे टोक छाटायचे आणि ढोलीचा भाग ठेवायचा. बंधूंनी होकार दिला आहे, वहिनींचा अजून यायचा आहे.

सोनपाठी सकाळी सातच्या सुमारास येतो. ज्यांना पाहायचा असेल त्यांनी जरूर यावे, चहा आहेच. मात्र नात सुटीत इथे असेल तेव्हा या. मी नाव सांगितले तर ते एकदा तिच्याकडून तपासून घेतलेले बरे.