मुक्या पडद्यावरील शिवराय

बोलपट येण्यापूर्वीं पडद्यावरील पात्रांचे ओठ हलत, पण त्यांचे शब्द मधूनमधून येणाऱ्या पाट्यांवर वाचावे लागत. अशा मुक्या पडद्यावर शिवछत्रपतींना उभें करण्याचें धाडस कोल्हापुरानें केलें. १९२३ सालीं बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनें हरि नारायण आपट्यांच्या कादंबरीवरून 'सिंहगड' काढला. महाराजांची भूमिका खुद्द बाबूरावांची. तानाजीची चढाई रात्रीची. म्हणून रात्रीचे प्रसंग दिव्यांच्या प्रकाशांत टिपण्याचा खटाटोप त्यांनीं केला. त्या काळीं आपल्याकडे चित्रण बहुधा सूर्याच्या भरंवशावर चाले, हें ध्यानांत घेतलें म्हणजे त्याचें मोल कळतें.

त्या पटांत शेलारमामा झालेला तरुण म्हणजे व्ही. शांताराम. पुढें तोच महाराज झाला. १९२९ सालीं दामले, फत्तेलाल, धायबर व कुळकर्णी यांच्यासह त्यानें कोल्हापुरांतच 'प्रभात' कंपनी काढली, आणि १९३० सालीं स्वतः शिवाजीची भूमिका करून 'स्वराज्याचें तोरण' हा मूकपट सिद्ध केला. वर्ष मिठाच्या सत्याग्रहाचें. मुंबईच्या परीक्षण मंडळानें नांवालाच हरकत घेतली. गंमत पाहा! पट मुका, त्यांतला शिवाजी कितीही गर्जला तरी ऐकूं कोणाला येणार? पण 'स्वराज्य' हा एक शब्द जाहिरातींत भिंतीभिंतींवर झळकणार, तोच सरकारला जड झाला. नांव बदलून 'उदयकाल' ठेवावें लागलें.

१९१८ च्या कायद्यानें एका मंडळाचें प्रमाणपत्र साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानांत चाले. एखाद्या प्रांताला वाटल्यास आणखी बंदी घालतां येई. काढलेला शब्द परत देतां येत नसे. तेव्हां मुंबईंत लागलेली कात्री गिरगांवच्या प्रेक्षकाला जशी, तशीच दूर मध्यप्रांतांत, त्या वेळच्या भंडारा जिल्ह्यांतील गोरेगावच्या माणसालाही बाधे. हें गाव आज गोंदिया जिल्ह्यांत आहे. तेथें तो पट लागो वा न लागो, मूळ नांव त्याच्यापर्यंत पोंचण्याची वाट बंदच झाली होती.

मंडळाचा हिशेब मात्र कच्चा होता. तोरणा घेऊन महाराजांनीं कशाचें तोरण बांधलें, हें मराठी शाळेंतलें पोरही सांगे.

१९३३ सालीं 'प्रभात'नें 'सिंहगड' पुन्हां पडद्यावर आणला. दिग्दर्शक शांतारामच. या वेळीं मात्र पट बोलत होता.