आधी भीती जाऊ द्या



चौथीतली एक मुलगी फळ्यासमोर उभी आहे. हातात खडू, फळ्यावर हातच्याची वजाबाकी. काल घरी हेच गणित तिनं बिनचूक सोडवलं होतं. आज मागच्या बाकावर कुणीतरी खुदकन हसतं, बाई म्हणतात, "आटप लवकर," आणि हातचा कुठून घ्यायचा तेच तिला आठवेनासं होतं.

असं का होतं? गणित सोडवताना आकडे थोडा वेळ मनात धरून ठेवावे लागतात. मनातली ही जागा फार थोडी असते. 'सगळे हसतील, बाई ओरडतील' ही धास्ती नेमकी तीच जागा अडवून बसते. म्हणून मुलाला निर्धास्त करणं हा शिकवण्याचाच भाग आहे. वेळ उरला तर करू, असं ते काम नव्हे.

बालशिक्षणतज्ज्ञ ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी हे फार पूर्वी ओळखलं होतं. १९४५ साली बोर्डीत सुरू झालेलं त्यांचं काम पुढे डहाणू तालुक्यातल्या कोसबाडला गेलं. पाड्यावरची आदिवासी मुलं शाळेत येईनात, तेव्हा शाळाच पाड्यावर गेली आणि अंगणात भरली. गुरं राखणाऱ्या मुलांसाठी ती कुरणात भरली. ओळखीच्या जागी, ओळखीच्या माणसांत मूल मोकळं होतं. मग अक्षरांशी त्याची गट्टी जमते.

शिक्षकांनो, आपल्या वर्गात काय करता येईल? प्रश्न विचारल्यावर जरा थांबा. अमेरिकेतल्या संशोधक मेरी बड रो यांना आढळलं, की शिक्षक उत्तरासाठी जेमतेम एक सेकंद थांबतात. तेच तीन सेकंद थांबले, तर मुलांची उत्तरं लांबतात आणि एरवी गप्प बसणारीही बोलू लागतात. उत्तर चुकलं तर "हे कसं काढलंस, सांग बरं" असं विचारा. चूक कुठे झाली ते मूलच शोधून काढेल.

पालकांनो, शाळेच्या दिवशी सकाळी मुलाचं पोट दुखतं आणि रविवारी दुखत नाही, असं वारंवार होत असेल, तर त्याला नाटकी म्हणू नका. डॉक्टरांना दाखवा, आणि वर्गात कुणी चिडवतं का, मारतं का, हेही शांतपणे विचारा. शिक्षण हक्क कायदा, २००९ याच्या कलम १७ नुसार मुलांना शारीरिक शिक्षा करायला आणि त्यांचा मानसिक छळ करायला मनाई आहे. मूल संकटात असेल तर १०९८ आणि मनाच्या त्रासासाठी १४४१६ या क्रमांकांवर मोफत मदत मिळते.

आज मूल घरी आलं की "किती मार्क पडले?" हा प्रश्न जरा मागे ठेवा. "आज वर्गात कशाची भीती वाटली का?" हे आधी विचारा, आणि त्याचं बोलणं पुरं होईपर्यंत मध्ये बोलू नका.