ज्यांच्यावर अहवाल, त्यांच्यासाठी सिनेमा : सुमित्रा भावे

मागच्या भागात आपण आग्नेस वार्दाबद्दल बोललो. मूळची फोटोग्राफर, सिनेमाचं शिक्षण नाही. फ्रान्समधल्या सेत बंदरातल्या मच्छीमार वस्तीत तिने १९५४ साली, तिथल्याच लोकांना सोबत घेऊन पहिला सिनेमा केला. म्हणजे आपल्या सातपाटीत कुणी कॅमेरा घेऊन यावं, तसंच. तो भाग ऐकून बोईसरच्या एका ताईंनी विचारलं, "असं मराठीत कुणी आहे का हो?"

आहे ना! सुमित्रा भावे.

सुमित्राताई मूळच्या समाजशास्त्राच्या. पुण्यात कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवायच्या. 'स्त्रीवाणी'साठी दलित बायकांच्या आयुष्यावर संशोधन करताना त्यांना एक गोष्ट टोचली. या बायकांनी मन मोकळं केलं, त्याचा अहवाल झाला, पण तो त्यांनाच वाचता येणार नाही. मग त्यांना बघता येईल असं काहीतरी करू, म्हणून १९८५ साली 'बाई' हा लघुपट. वय बेचाळीस! पहिल्याच कामाला राष्ट्रीय पुरस्कार. फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले सुनील सुकथनकर सोबत आले, आणि 'दोघी', 'दहावी फ', 'वास्तुपुरुष', 'देवराई' असे सिनेमे या जोडीने केले. लेखन ताईंचं.

त्यांची शैली कशात आहे? 'दोघी' (१९९५) बघा. लग्नाच्या दिवशीच नवरदेव अपघातात जातो. पुढे घर चालावं म्हणून थोरली मुंबईला पाठवली जाते, देहविक्रयात ढकलली जाते. तिचे पैसे घराला चालतात, ती मात्र चालत नाही. पण आईला दुष्ट ठरवून सिनेमा मोकळा होत नाही. भुकेपुढे आई कशी वाकते, ते आपल्याला बघावं लागतं.

'अस्तु'मध्ये स्मृती हरवलेला संस्कृत पंडित एका हत्तीमागे चालत सुटतो. त्याला सांभाळते माहुताची बायको. आजाराचं नाव तिला ठाऊक नाही, पण माणसाला काय हवंय ते कळतं. 'कासव'लाही तीच नजर आहे. त्याला २०१७ मध्ये सुवर्णकमळ जाहीर झालं.

कधीकधी यांची पात्रं जरा जास्तच समजावून सांगतात, हेही खरं. पण उपदेशापेक्षा सोबत मोठी, हे त्या विसरत नाहीत.

आता आपल्याकडे या. जव्हार-मोखाड्यातलं कुपोषण, स्थलांतर, इथे तारापूर एमआयडीसीचं प्रदूषण. सर्व्हेवाले येतात, अहवाल होतात. ज्या बाईच्या ओट्यावर बसून फॉर्म भरला, तिच्यापर्यंत तो परत जातो का? सुमित्राताईंचा सगळा सिनेमा या एका प्रश्नातून निघाला. १९ एप्रिल २०२१ ला त्या गेल्या. प्रश्न आहे तिथेच आहे. आणि आज मोबाईलमध्ये कॅमेरा तर पाड्यापाड्यात आहे.

सुरुवात 'दहावी फ'पासून करा. घरात दहावीचं मूल असेल तर त्यालाही सोबत बसवा. कसा वाटला, कळवा. भेटू पुढच्या भागात.