पलंग कुणासाठी?

मी सॉफ्टवेअरवाला. अब्बांना अर्धांगवायू झाला तेव्हा हॉस्पिटलचा पलंग घरी आणण्यासाठी रात्रभर बसून एक्सेलमध्ये तक्ता केला. मोटर, रिमोट, किंमत, सगळे रकाने भरले. पलंग आला. अब्बांना काठावर बसवलं, तर पाय जमिनीला टेकेनात! उंची बदलत नव्हती. तो रकाना मी केलाच नव्हता. फिजिओथेरपिस्टनं विचारलं, "यांना रोज उठवणार कोण?" सगळ्यांनी अम्मीकडे पाहिलं. अम्मीची आधीच कंबर धरलेली.

सेमी-फाउलर पलंगात फक्त पाठ उचलते, फुल फाउलरमध्ये गुडघेही. अख्खा पलंग खाली-वर होणं ही तिसरी सोय, ती वेगळी मागावी लागते. रुग्ण उठून बसणारा असेल तर काठावर तळवे जमिनीला पूर्ण टेकले पाहिजेत. झोपूनच असेल तर पुसताना, कपडे बदलताना पलंग सेवा करणाऱ्याच्या कमरेइतका वर यायला हवा. चाकांचे ब्रेक स्वतः दाबून बघा. आधी महिनाभर भाड्यानं घ्या. आणि दाराची चौकट मोजा. हसू नका, आमचा पलंग जिन्यात अडकला होता.

हवेची गादी घेतली म्हणून मी निर्धास्त होतो. पण पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून गादीवरही कूस बदलावीच लागते. आम्हाला डॉक्टरांनी दर दोन तासांनी सांगितलंय. पूर्वी मी वेळेच्या नियोजनाची पाच-पाच अ‍ॅप वापरायचो. आता फोनमध्ये फक्त गजर आहेत. रात्री दोनचा माझा, चारचा धाकट्या भावाचा. अम्मी झोपलेली असते.