संमोहन कोणाच्या हाती?



संमोहन खरे की थोतांड, या वादात आपण बरीच शक्ती घालवतो. त्याहून मोलाचा प्रश्न एकच: सूचना द्यायचा अधिकार कोणाला, आणि किती? १७८४ साली फ्रान्समध्ये, चुंबकत्वाने रोग बरे करण्याचा दावा करणाऱ्या मेस्मरच्या पंथाची चौकशी करणाऱ्या समितीत बेंजामिन फ्रँकलिन आणि रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए होते. फ्रँकलिनच्या बागेतले जर्दाळूचे एक झाड 'भारित' केले आणि बारा वर्षांच्या मुलाला डोळे बांधून एकेका झाडाला मिठी मारायला लावली. चौथ्या झाडापाशी तो बेशुद्ध पडला. ते झाड भारित नव्हतेच! चुंबकत्वाचा दावा खोटा ठरला, पण मुलगा खरोखरच कोसळला होता. नुसत्या अपेक्षेने देह इतका हलतो, तर ती अपेक्षा जागवणाऱ्यावर केवढी जबाबदारी येते!

कोणी म्हणेल, मग हा सारा कल्पनेचाच खेळ. असेल, पण वेदना त्याने कमी होत असतील, तर वैद्यकाने त्याकडे पाठ का फिरवावी? क्लोरोफॉर्म येण्याआधी, १८४५ साली, बंगालमधील हुगळी येथे जेम्स एस्डेल यांनी मोहनिद्रेत शस्त्रक्रिया सुरू केल्या. १९५५ साली ब्रिटिश वैद्यकीय संघटनेनेही वेदनाशमनातील संमोहनाचा उपयोग मान्य केला. मात्र एस्डेल यांचा पहिला रुग्ण तुरुंगातला कैदी होता, हेही विसरता येत नाही. त्याला 'नको' म्हणण्याची कितपत मुभा होती?

दुसरा आक्षेप उलट बाजूचा: यात औषध नाही, सुई नाही, मग धोका कसला? धोका आठवणींचा. संमोहित माणसाला जास्त आठवते असे वाटते, पण न घडलेलेही त्यात मिसळते, आणि ते तो पूर्ण खात्रीने सांगतो. अमेरिकन वैद्यकीय संघटनेच्या परिषदेने १९८५ मध्ये नेमका हाच इशारा दिला. प्रश्नकर्त्याच्या एका सूचक शब्दाने निरपराध माणूस गोत्यात येऊ शकतो. दुखणे हलके करणारी सूचना आणि खोटी आठवण रुजवणारी सूचना, दोन्हींचे बळ एकच. म्हणून संमोहनावर सरसकट बंदी घालणे चूक आणि त्याला मोकळे रान देणेही चूक.

डॉक्टर आणि मानसोपचारतज्ज्ञांच्या या परिषदेत आपण तीन गोष्टींचा आग्रह धरावा: प्रशिक्षित हात, रुग्णाची समजून-उमजून दिलेली संमती आणि प्रत्येक सत्राची लेखी नोंद. आपल्यापुढे डोळे मिटणारा माणूस आपल्या भरवशावर डोळे मिटतो. त्या भरवशाला जागूया.